उजव्या बाजूची पट्टी

त्याचं खरं नाव आता कागदोपत्रीच उरलं होतं. शेजाऱ्यापाजाऱ्यांपासून गिऱ्हाइकांपर्यंत सगळे त्याला तवा म्हणायचे. हे नाव उस्तादांनी ठेवलेलं. पोरगा चटकन तापतो आणि गॅस बंद केला तरी निवत नाही, म्हणून तवा. त्याला ते आवडायचं अशातला भाग नाही, पण उस्तादांपुढे बोलणार कोण? पुढे उस्ताद गेले आणि नाव राहिलं.

उस्तादांच्या गॅरेजात दोघं शिकले. एक हा तवा आणि दुसरा चष्म्या. चष्म्याच्या काचांवर सदा ग्रीसचे ठसे, पण हात असा स्वच्छ की उस्ताद म्हणायचे, "ह्याने काम केलं की गाडीलासुद्धा कळत नाही." हे वाक्य तव्याने विसरायचा खूप प्रयत्न केला आणि नेमकं तेवढंच त्याला पाठ राहिलं. त्याच्याबद्दलही उस्ताद चांगलंच बोलायचे, पण आपल्या ताटातलं कधी कुणाला मोठं दिसलंय?

उस्तादांना एकुलती एक लेक. दोघांनीही तिला विचारलं, आधी चष्म्याने, मागून तव्याने, आणि तिने तव्याला हो म्हटलं. आता एवढं झाल्यावर माणसाने सुखाने घोरावं की नाही? पण नाही. तिने आपल्याला का निवडलं हे त्याने कधी विचारलं नाही आणि तिने कधी सांगितलं नाही. त्यामुळे किडा आत वळवळत राहिला. हिला एखाद्या दिवशी वाटलं तर, की आपलं चुकलं? तसं तिला वाटू नये, एवढंच त्याला जगाकडून हवं होतं. त्यात पुलाच्या अलीकडे ह्याचं गॅरेज आणि पलीकडे चष्म्याचं. पलीकडे नवा बोर्ड लागला की अलीकडे ह्याच्या पोटात दुखायचं.

त्या दिवशी सकाळी पोटदुखीला कारण मिळालं ते असं. एक गिऱ्हाईक हवा भरायला आलं आणि सहज म्हणालं, "पलीकडे लिफ्ट बसवलीय, पाहिली का? बटण दाबलं की गाडी वर. तुम्ही अजून जॅकवरच?" गिऱ्हाईक हवा भरून गेलं, पण तव्याच्या हातातला चहा कडूजहर झाला.

तेवढ्यात बायको गाडी घेऊन दारात उभी. ती नर्स होती. अंथरुणाला खिळलेल्या म्हाताऱ्या माणसांच्या घरी जाऊन जखमा धुवायची, इंजेक्शनं द्यायची. गाडी उस्तादांची, त्यांच्या माघारी तिच्याकडे आलेली. रंग उडालेला, दारं कुरकुरणारी, पण तिचा त्या गाडीवर जीव.

"आज चढावर फारच थरथरली," ती खिडकीतून म्हणाली. "नुसतं स्टिअरिंग नाही, अख्खी गाडी. दुपारनंतर मला टेकडीवर जायचंय. बघतोस का?"

एरवी त्याचं उत्तर ठरलेलं होतं, उद्या बघू. कधी म्हणायचा चाकं बॅलन्स करून घेऊ, कधी म्हणायचा रस्ताच तसला आहे, आणि एकदा तर म्हणाला होता की तूच क्लच नीट सोडत नाहीस. उस्तादांच्या लेकीला क्लच शिकवायला निघाला होता, बघा. जगाच्या गाड्या ठणठणीत आणि घरची खोकतेय. दिव्याखाली अंधार म्हणतात तो हाच. पण आज गॅरेजात दुसरं काम नव्हतं आणि डोक्यातून ती लिफ्ट जात नव्हती.

"ठेव," तो म्हणाला. "दुपारी ये न्यायला."

ती चकित झाली आणि लगेच किल्ली त्याच्या हातात दिली. न जाणो, हा विचार बदलायचा. मैत्रिणीला बोलावून तिच्या स्कूटरवर मागे बसून ती निघून गेली.

तव्याने गाडी चढाच्या रस्त्याला घातली. अ‍ॅक्सिलरेटरवर पाय दाबला की खालून थरथर सुरू, आणि उचलला की गाडी शहाण्या पोरासारखी गप्प. चाकाचा दोष असता तर पाय उचलल्यावरही वेगाबरोबर थरथर राहिलीच असती. वळणावर कटकट वाजली असती तर म्हटलं असतं बाहेरचा जॉइंट, चाकाजवळचा. कटकट नव्हती. म्हणजे आतला, गिअरबॉक्सजवळचा. इंजिनाची ताकद चाकापर्यंत नेणारा जो शाफ्ट असतो, त्याच्या आतल्या टोकाला एक लोखंडी कप असतो आणि त्या कपाच्या तीन खाचांतून तीन रोलर सरकत असतात. खाचा झिजल्या की जोर पडल्यावर रोलर अडखळतात आणि त्यांच्याबरोबर गाडी. एवढं समजायला त्याला एक चढ पुरला. मग इतके दिवस हा चढ आपण का नाही चढलो, हा प्रश्न काही त्याच्या मनात आला नाही. आला असता तर पुढचं बरंच टळलं असतं.

परत येताना त्याने पार्टवाल्याकडून जॉइंट घेतला. खोक्यात कप, रोलर, ग्रीसची पुडी, दोन पट्ट्या आणि ग्रीस आत राहावं म्हणून वर चढवायचा एक रबरी बूट. "जुनं मॉडेल. एवढा एकच उरला होता," पार्टवाला म्हणाला.

गॅरेजात गाडी जॅकने उचलून स्टँडवर ठेवली, तवा पाठीवर खाली सरकला आणि त्याने डावा शाफ्ट धरून हलवला. गिअरबॉक्सपाशी खाली-वर लटलट. अंदाजाप्रमाणे सापडला. मग सवयीने त्याने उजवाही धरून पाहिला. उजवा घट्ट होता. बूट नवा होता, पट्टी चकचकीत होती. तव्याला वाटलं, आपण कधी केला हा? आणि मग त्याची नजर पट्टीच्या टोकावर गेली.

आता हे समजून घ्या. बुटावर पट्टी आवळली की जे टोक उरतं ते कुठलाही मिस्त्री एकदा दुमडतो आणि जास्तीचं कापून फेकतो. ते दोनदा दुमडून, आत खोचून, वर हातोडीची हलकी टिचकी मारणारा माणूस त्या अख्ख्या गावात एकच होता. उस्ताद त्याला त्यावरून चिडवायचे, "पट्टी आवळतोस का पोरीची वेणी घालतोस?"

तव्याच्या तळपायाची आग मस्तकात गेली. चष्म्याचा हात. उस्तादांच्या गाडीखाली, आपल्या बायकोच्या गाडीखाली.

तो तसाच पाठीवर पडून राहिला आणि डोक्यात चित्रं सुरू झाली. ह्या कामाला अर्धा दिवस तरी लागतो. तेवढा वेळ ही कुठे बसली होती? चष्म्याकडे गिऱ्हाइकांना गादीची खुर्ची आहे, आपल्याकडे उलटी बादली. त्याने चहा मागवला असेल. तो साखर विचारून घालणारा माणूस. काय बोलले असतील दोघं? उस्तादांच्या आठवणी काढल्या असतील. हसले असतील. ही हसली की डाव्या गालावर खळी पडते, ती त्याने पाहिली असेल, त्या घाणेरड्या चष्म्यातून. आणि घरी आल्यावर आपल्याला अवाक्षर नाही! गाडी रोज आपल्या दारात उभी राहते आणि तिच्या पोटाखाली दुसऱ्याची पट्टी.

शहाण्या माणसाने काय केलं असतं? डावी बाजू जोडली असती, हात धुतले असते आणि संध्याकाळी बायकोला सरळ विचारलं असतं. पण मत्सर चढला की माणसाला उत्तर नको असतं, पुरावा हवा असतो. चष्म्याचं काम भिकार आहे एवढं एकदा डोळ्यांनी बघू, मग बोलू, असं तव्याने ठरवलं. घट्ट बसलेला, बिनतक्रार चालणारा उजवा जॉइंट तो उघडायला बसला. असला मूर्खपणा करायला मिस्त्रीच लागतो, दुसऱ्या कुणाला सुचणारही नाही.

त्याने ती दोनदा दुमडलेली पट्टी कापली. कापताना त्याला बरं वाटलं, खोटं कशाला सांगा. मग बुटाच्या कडेत स्क्रूड्रायव्हर घालून जोर लावला. नव्या बुटाला जोर लागत नाही, तो हाताने मागे सरकतो. हे त्याला माहीत नव्हतं का? होतं. पण हातात राग होता. स्क्रूड्रायव्हर निसटला आणि रबर बोटभर फाटलं.

आत पाहिलं तर ग्रीस लोण्यासारखं स्वच्छ. रोलर बोटाने फिरवला, आवाजाशिवाय फिरला. खाचा गुळगुळीत, लॉक आपल्या जागी. त्याने बॅटरी धरून सगळीकडून पाहिलं, खोट म्हणून सापडेना. आणि खोट सापडत नाही ह्याचा त्याला जेवढा राग आला, तेवढा सापडल्याचा आला नसता. चांगला बूट फाडून हातात काय आलं, तर चष्म्याचा हात अजून तसाच स्वच्छ आहे एवढं ज्ञान. हात दाखवून अवलक्षण, दुसरं काय.

ती दुपारी आली तेव्हा गाडीची पुढची दोन्ही चाकं जमिनीवर आडवी होती. डावा शाफ्ट बाकावर, उजवा जागेवरच पण उघडा. तिने एक नजर टाकली. लहानपण गॅरेजात गेलेलं, तिला सांगावं लागत नव्हतं.

"डावी गेली होती ना? मग उजवी का उघडलीस?"

"तू सांग," तवा म्हणाला. "उजवी कुणी केली होती ते."

"चष्म्याने," ती म्हणाली. लपवलं नाही, घाबरली नाही, पदरी काही पाप असल्यासारखी तर मुळीच वागली नाही, आणि त्यानेच तो जास्त पेटला.

"कशाला?"

"गाडी थरथरत होती म्हणून."

"गावात मी मेलो होतो का? नवऱ्याचं गॅरेज असताना बायको पुलापलीकडे जाते. लोक काय म्हणत असतील? तो काय म्हणत असेल? मजेत असेल तो. चहा पाजला असेल त्याने."

"पाजला," ती म्हणाली.

"साखर विचारून?"

ती उजव्या शाफ्टपाशी वाकली. मग तिने फाटलेला बूट पाहिला आणि तिच्या सगळं ध्यानात आलं. एरवी ती त्याला तू म्हणायची. अहो फक्त रागावल्यावर.

"अहो," ती म्हणाली, "तुमचं बोलून झालं असेल तर मला एवढंच सांगा. संध्याकाळच्या आत ही गाडी जोडून होणार का? टेकडीवर एक आजी माझी वाट बघत पडून आहेत. कूस बदलता येत नाही त्यांना."

तव्याने पार्टचं खोकं उपडं केलं. बूट एकच होता आणि तो डाव्याला लागणार होता. उजव्यासाठी दुसरा हवा. त्याने पार्टवाल्याला फोन लावला.

"सकाळीच म्हटलं ना, एकच उरला होता," पार्टवाला म्हणाला. "पुलापलीकडे विचार. चष्म्या मागे जोडी घेऊन गेला होता, त्याच्याकडे एखादा पडला असेल."

फोन ठेवून तव्याने बायकोकडे पाहिलं. ती उलट्या बादलीवर बसून डाव्या शाफ्टचं जुनं ग्रीस चिंधीने पुसत होती. मान वर केली नाही. तवा उठला आणि नाक मुठीत धरून पुलावर निघाला.

पलीकडे लिफ्टवर खरोखरच एक गाडी वर टांगलेली होती आणि चष्म्या तिच्याखाली सरळ उभा राहून काम करत होता. सरळ उभा राहून! तव्याची पाठ तेवढ्याने दुखली.

"अरे, तवा? ये ये," चष्म्या हात पुसत पुढे आला. "बरा आहेस ना आता?"

"मला काय झालंय?"

"ताप रे. ती म्हणाली होती, ताप डोक्यात गेलाय, अंथरुणातून उठवत नाही, म्हणून गाडी इकडे आणावी लागली. नाहीतर ती कशाला येतेय माझ्या दारात. सगळा वेळ तेच, त्यांनी केली असती पण ताप आहे. मी म्हटलं बाई, कळलं, ताप आहे."

तव्याला गेल्या कित्येक वर्षांत साधी शिंकसुद्धा आली नव्हती. ताप कुठला, काय कुठला, म्हणायला त्याने तोंड उघडलं आणि मिटलं. तिने ताप का सांगितला असेल हे त्याच्या डोक्यात सावकाश उतरलं. नवरा बघतच नाही, असं तिला ह्या माणसापुढे म्हणायचं नव्हतं. सगळ्या जगात ह्याच्यापुढे तर नाहीच.

"उतरला," तो म्हणाला. "मला त्या गाडीचा आतल्या जॉइंटचा बूट हवाय. एक."

चष्म्याने खणातून कापडात गुंडाळलेला बूट काढला. कोरा होता. "तिच्याच गाडीसाठी आणली होती जोडी. एक लावला, एक राहिला."

"जोडी का?" तव्याने विचारलं. तवा तापट होता, पण मिस्त्री होता. "तेव्हा दोन्ही बाजू गेल्या होत्या?"

चष्म्याने चष्मा काढला आणि शर्टाला पुसला. शर्टालाच ग्रीस होतं, त्यामुळे काच आणखी बरबटली.

"डावी जास्त गेली होती," तो म्हणाला.

"मग उजवी केलीस? कमी गेलेली?"

"हो."

"का?"

वर टांगलेल्या गाडीतून तेलाचा एक थेंब खालच्या परातीत पडला. चष्म्या त्या परातीकडे बघून बोलला.

"डावी तशीच ठेवली की थरथर राहणार. थरथरली की ती परत येणार. म्हटलं होतं तिला, आठवड्याभरात दुसरीही करून टाकू. रोज सकाळी वाटायचं, आज येईल." त्याने चष्मा पुन्हा डोळ्यांवर चढवला. "उस्तादांच्या हाताखाली शिकलो. असं काम मी कुणाच्या गाडीचं केलं नाही, उस्तादांच्याच गाडीचं केलं. लाज वाटते. पण तुझा हेवा वाटतो रे, तव्या. अजून वाटतो. तिने तुला निवडलं ते मला अजून पचलेलं नाही."

आयुष्यभर तव्याला हेच ऐकायचं होतं. हा माणूस आपल्यावर जळतो, हे ह्याच्याच तोंडून. ऐकलं आणि त्यात काही गोडी लागेना. राग आला, नाही असं नाही. हात शिवशिवले.

"पुन्हा तिच्या गाडीला हात लावलास तर मोडून ठेवीन," तो म्हणाला.

"नाही लावणार," चष्म्या म्हणाला. "तू लाव म्हणजे झालं."

हे मात्र वर्मी बसलं. तवा बूट खिशात कोंबून पुलावरून परत निघाला. येताना जितका तापला होता तितकाच जाताना तापलेला होता, फक्त आता कुणावर तापावं ते नीट कळत नव्हतं. सगळे दिवस त्याला आठवायला लागले. ती बॅग खाली ठेवता ठेवता म्हणायची, आज पण थरथरली रे. आणि हा पेपरातून मान वर न करता म्हणायचा, बघू.

गॅरेजात तिने डाव्या शाफ्टवरचे जुने रोलर काढून ठेवले होते आणि नवा बूट आधी शाफ्टवर चढवलेला होता. तो आधी चढवावा लागतो. रोलर बसवल्यावर ध्यानात आलं तर सगळं पुन्हा काढावं लागतं, भलेभले तिथे फसतात. आज तवासुद्धा फसला असता. दोघांनी मिळून डावी बाजू जोडली. मग त्याने उजवा शाफ्ट काढला. ती जे जे लागेल ते मागण्याआधी हातात देत होती. उजव्या बुटाची पट्टी त्याने आवळली, टोक एकदा दुमडलं आणि कापलं.

"त्याने मुद्दाम एकच बाजू केली होती," तो शेवटी म्हणाला. "दोन्ही गेल्या होत्या. म्हणजे तू परत जावीस म्हणून."

"माहीत आहे."

"त्याने सांगितलं तुला?"

"सांगायला कशाला हवं? तिथून निघाले आणि पहिल्याच चढावर कळलं. थरथर जेमतेम अर्धी झाली होती. चष्म्याकडून असं काम चुकून होत नाही."

तवा चाक धरून तसाच बसला. गाडीखालून ओघळलेलं गिअरबॉक्सचं तेल जमिनीवर पसरलं होतं आणि त्यात त्याचा गुडघा भिजत होता.

"मग नंतर त्याच्याकडे जाऊन भांडून का नाही करून घेतलीस?" त्याने विचारलं. "इतके दिवस तशीच चालवलीस. रोज चढावर. बिनकामाचा त्रास काढलास."

तिने हात पुसले आणि चाकाचे नट एकेक करून त्याच्या तळव्यावर ठेवले.

"काय सांगून जाणार होते?" ती म्हणाली. "एकदा तुला ताप आणला. दुसऱ्यांदा काय आणायचं होतं?"